आदल्या रात्री भिजलेली न्याहारी

२५ डिसेंबरची सकाळ अमेरिकेतल्या मुलाबाळांच्या घरात फार लवकर उजाडते. झाडाखाली ठेवलेल्या भेटवस्तू उघडायला मुले पहाटेपासून टपलेली असतात, दुसऱ्या राज्यांतून आलेले आजी-आजोबा आणि मामा-मावश्या घरात उतरलेले असतात, आणि दुपारच्या मोठ्या जेवणासाठी हॅम किंवा टर्की ओव्हनमध्ये जायची असते. या गडबडीत आठ-दहा जणांना गरम न्याहारी द्यायची. एकेकाचे ऑम्लेट करत बसले तर पहिल्याचे खाऊन होते तेव्हा शेवटच्याची अंडी अजून फोडायचीच असतात, आणि करणारीचा सण शेगडीपाशीच संपतो. अमेरिकन घरांनी यावर काढलेला तोडगा म्हणजे स्ट्राटा.

स्ट्राटा हा ब्रेड पुडिंगचाच तिखट-मिठाचा प्रकार. पसरट भांड्यात ब्रेडचे तुकडे, किसलेले चीज आणि परतलेली भाजी किंवा सॉसेज यांचे थर लावायचे, वरून दुधात फेटलेली अंडी ओतायची, भांडे झाकून रात्रभर फ्रिजमध्ये ठेवायचे आणि सकाळी तासभर ओव्हनमध्ये भाजायचे. वरचा थर खरपूस, आतला मऊ आणि ओलसर. कृती एवढीच. पण ती लक्षपूर्वक वाचली की एक गोष्ट जाणवते: रात्रीचे आठ-दहा तास हे नुसते सोयीचे नाहीत. पदार्थाचे अर्धे काम त्या वेळात, कोणी हात न लावता होते. सणाच्या सकाळसाठी आधी करून ठेवायचा कोणताही भाजलेला पदार्थ निवडताना हेच पाहावे लागते: कोणते काम वेळेवर सोपवता येते, कोणते आचेवर, आणि कोणते शेवटच्या क्षणापर्यंत राखून ठेवायचे.

काच, सुरी आणि फ्रिज

स्ट्राटा हे नाव अमेरिकेत १९०२ च्या ‘हँडबुक ऑफ हाउसहोल्ड सायन्स’ या पुस्तकात सापडते. त्या कृतीत ब्रेड, चीज आणि व्हाइट सॉस आहे. अंडी-दुधाचे मिश्रण नंतर आले. आजचा स्ट्राटा घडायला स्वयंपाकघराबाहेरच्या काही गोष्टी घडाव्या लागल्या. १९१५ मध्ये कॉर्निंग कंपनीने पायरेक्स ही ओव्हनमध्ये चालणारी काच बाजारात आणली. त्यामागची हकीकत गमतीची आहे. कंपनीतले शास्त्रज्ञ जेसी लिटलटन यांच्या पत्नी बेसी यांनी १९१३ मध्ये बॅटरीसाठी बनवलेल्या काचेच्या बरणीचे कापलेले बूड वापरून त्यात केक भाजला, आणि ही काच ओव्हनमध्ये टिकते हे दाखवून दिले. पुढे ७ जुलै १९२८ रोजी मिसुरी राज्यातल्या चिलिकोथी गावच्या बेकरीने ऑटो रोहवेडर यांच्या यंत्राने कापलेला ब्रेड विकायला काढला आणि एकसारख्या जाडीचे काप घरोघरी पोहोचले. त्यानंतरच्या वर्षांत घरगुती फ्रिज सर्वसामान्य घरांत पोहोचला. रात्रभर अंडी-दूध न नासता ठेवण्याची सोय त्याच्यामुळे झाली.

१९८० च्या दशकात या पदार्थाला नवी प्रतिष्ठा मिळाली. मॅनहॅटनमध्ये ‘सिल्व्हर पॅलेट’ हे खाद्यपदार्थांचे दुकान चालवणाऱ्या ज्युली रोसो आणि शीला लुकिन्स यांच्या पुस्तकांनी त्या काळातल्या अमेरिकन यजमानिणींना वेड लावले होते. त्यांच्या ‘गुड टाइम्स कुकबुक’मधून स्ट्राटा पुन्हा लोकांसमोर आला. त्यानंतर नाताळच्या सकाळीच काय, ईस्टरच्या रविवारीही तो टेबलावर दिसू लागला.

शिळा ब्रेड आणि सुकवलेला ब्रेड

स्ट्राटाला शिळा ब्रेड हवा, असे सगळेच सांगतात. त्यामागचे कारण मात्र बहुतेकांना वाटते त्याहून वेगळे आहे. ब्रेड शिळा होतो म्हणजे त्यातले पाणी उडते, असा समज असतो. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ झां-बाप्तिस्त बुसेंगो यांनी १८५२ मध्येच दाखवले की पाणी न गमावताही पाव शिळा होतो, आणि तो सुमारे ६० अंश सेल्सियसच्या वर तापवला की पुन्हा मऊ पडतो. भाजताना पिठातला स्टार्च पाणी पिऊन फुगतो आणि त्याची रचना विस्कटते. पाव निवल्यावर तेच स्टार्चचे रेणू हळूहळू पुन्हा जवळ येऊन घट्ट, सुबक रचनेत बसू लागतात. पाव कडक लागतो तो त्यामुळे. ही क्रिया फ्रिजच्या तापमानाला सर्वांत वेगाने होते, म्हणून पाव फ्रिजमध्ये ठेवला तर बाहेरच्यापेक्षा लवकर शिळा होतो. फ्रीझरमध्ये ती जवळजवळ थांबते.

स्ट्राटाला खरी गरज असते ती ओलावा कमी झालेल्या ब्रेडची. पिशवीत राहून शिळा झालेला ब्रेड कडक लागला तरी त्याच्यात पाणी असतेच. जागा आधीच भरलेली असल्याने तो दूध कमी पितो. म्हणून ब्रेडचे इंचभराचे तुकडे करून १५० अंशांवर दहा-पंधरा मिनिटे ओव्हनमध्ये सुकवून घेतले तर कालचा ब्रेडही उत्तम चालतो आणि आजचाही. तुकडे तांबूस होण्याची गरज नाही. बोटाने दाबल्यावर आत जायला नकोत, एवढे पुरे. आदल्या दिवशी ताटात पसरून उघडे ठेवले तरी काम भागते, हवा कोरडी असली तर. मुंबई-कोकणच्या दमट हवेत ओव्हनवरच भिस्त ठेवावी.

या पदार्थात ब्रेडच का, याचेही उत्तर स्टार्चमध्येच आहे. कच्चे पीठ किंवा कच्चा तांदूळ गार दुधात कितीही वेळ ठेवला तरी त्याचा स्टार्च फुगत नाही. त्यासाठी उष्णता लागते. ब्रेडमधला स्टार्च एकदा शिजून गेलेला असतो. शिवाय यीस्टच्या वायूने त्याच्या पोटात असंख्य पोकळ्या केलेल्या असतात. त्यामुळे तो गार मिश्रणही शोषून घेतो.

रात्रीचे काम

भांडे भरल्यावर लगेच भाजले तर काय बिघडते? स्ट्राटा होतो, पण वर कोरडे तुकडे, मध्ये कच्चट पांढरा गाभा आणि तळाशी ऑम्लेटचा थर, असा. अंडी फेटलेले दूध नुसत्या दुधापेक्षा दाट असते. ते ब्रेडच्या बाहेरच्या पोकळ्यांत पटकन शिरते, पण तुकड्याच्या मध्यापर्यंत आणि जाड कडेपर्यंत जायला त्याला तास लागतात. रात्रभरात ओलावा सगळीकडे सारखा पसरतो. मीठ, मिरपूड आणि मोहरीची पूडही त्याच्याबरोबर आतपर्यंत पोहोचते. सकाळी भांडे तिरके केले तर मोकळे दूध जवळपास दिसायला नको.

एक युक्ती अनुभवी लोक वापरतात. वरचे तुकडे मिश्रणाच्या वर तरंगतात आणि कोरडे राहतात. म्हणून भांड्यावर प्लास्टिकचा कागद अगदी चिकटवून लावायचा आणि त्यावर एखादे सपाट ताट ठेवून थोडे वजन द्यायचे. साखरेचे दोन पुडे चालतात. सकाळपर्यंत सगळे थर सारखे भिजलेले असतात.

प्रमाण लक्षात ठेवायला सोपे आहे. अमेरिकन घरात या कामासाठी नऊ बाय तेरा इंचांचे, म्हणजे साधारण २३ बाय ३३ सेंटिमीटरचे काचेचे भांडे ठरलेले असते. त्याला ४०० ते ४५० ग्रॅम ब्रेड, आठ अंडी, ७०० मिलिलिटर पूर्ण सायीचे दूध आणि सुमारे २५० ग्रॅम किसलेले चीज लागते. चेडार किंवा ग्रुएरसारखे मुरलेले चीज घ्यावे, म्हणजे ते कमी घालूनही चव लागते. भरीला तीन-चारशे ग्रॅम भाजी किंवा सॉसेज. मीठ एक छोटा चमचा, पण चीज खारट असेल तर त्याहून कमी.

भरीच्या बाबतीत मात्र रात्र घात करू शकते. मशरूम आणि पालक यांच्या वजनात नव्वद टक्क्यांच्या आसपास पाणीच असते. ते कच्चे घातले तर मीठ लागताच रात्रभर पाणी सोडत राहतात, मिश्रण पातळ होते आणि सकाळी अंडे नीट धरत नाही. म्हणून कांदा, मशरूम, सिमला मिरची आधी मोठ्या आचेवर परतायची, पाणी पूर्ण आटवायचे. पालक परतून घट्ट पिळायचा. सॉसेज किंवा बेकन कच्चे घालायचेच नाही. ते पूर्ण शिजवून, चरबी निथळून आणि निववून मग थरात जाते.

टिकते कशामुळे

सणाची न्याहारी आधी करून ठेवण्याची कल्पना मराठी माणसाला शिकवावी लागत नाही. नरकचतुर्दशीच्या पहाटे अभ्यंगस्नानानंतर समोर येणारा फराळ आठवडाभर आधीपासून डब्यांत भरलेला असतो. चकली, शेव आणि चिवडा टिकतात ते तळताना-भाजताना पाणी निघून गेल्यामुळे. लाडू टिकतो तो साखर-तुपाच्या जोरावर. जिवाणूंना वाढायला मोकळे पाणी लागते आणि ते तिथे नसते. स्ट्राटा याच्या अगदी उलट टोकाला आहे. दूध, अंडी, चीज आणि ओला ब्रेड म्हणजे जिवाणूंना हवे ते सगळे. त्याला राखणारी एकच गोष्ट, थंडी.

म्हणून इथे नियम कडक आहेत. ४ ते ६० अंश सेल्सियस हा जिवाणू झपाट्याने वाढण्याचा पट्टा. कच्च्या अंड्यातून येऊ शकणारा साल्मोनेला हा त्यातला नेहमीचा संशयित. फ्रिज ४ अंशांवर किंवा त्याखाली असावा, परतलेली भर निववूनच भांड्यात घालावी आणि थर लावून झाल्यावर भांडे ओट्यावर रेंगाळू देऊ नये. असे पदार्थ बाहेर दोन तासांहून जास्त राहू नयेत, आणि हवा ३२ अंशांच्या वर असेल तर एका तासाहून जास्त नाही, असे अमेरिकेचे कृषी खाते सांगते. आपल्याकडे उन्हाळ्यात हा एक तासाचाच नियम धरावा. रात्री वीज गेली तर फ्रिजचे दार उघडू नये. बंद फ्रिज सुमारे चार तास पुरेसा थंड राहतो. त्याहून जास्त वेळ वीज गेली असेल तर स्ट्राटाचा मोह सोडलेला बरा. सगळे ठीक असले तरी भिजवलेले भांडे चोवीस तासांच्या आत भाजून टाकावे. त्यापुढे ब्रेडचा लगदा होतो.

सकाळचा तास

सकाळी पहिला धोका काचेला असतो. फ्रिजमधले गार भांडे तापलेल्या ओव्हनमध्ये सरकवले की काचेचा एक भाग आधी प्रसरण पावतो, दुसरा मागे राहतो आणि त्या ताणाने भांडे तडकते. बोरोसिलिकेट काच साध्या सोडा-लाइम काचेच्या जेमतेम तिसऱ्या हिश्शाने प्रसरण पावते, म्हणून ती हा धक्का जास्त सोसते. पायरेक्सची सुरुवात बोरोसिलिकेटने झाली, पण आज अमेरिकेत विकली जाणारी पायरेक्सची भांडी सोडा-लाइम काचेची असतात. त्यामुळे भांडे ओव्हन तापेपर्यंत अर्धा तास ओट्यावर ठेवायचे. ओल्या किंवा थंडगार दगडावर नाही, दुमडलेल्या फडक्यावर. याचा आणखी एक फायदा असा की मध्यभाग फार गार राहत नाही आणि कडा करपण्याआधी तो शिजतो.

ओव्हन १७५ अंशांवर. पहिला अर्धा तास भांड्यावर अॅल्युमिनियमची फॉइल झाकायची, म्हणजे वरचे चीज लवकर काळे पडत नाही. मग फॉइल काढून आणखी वीस-तीस मिनिटे. आत काय चालले आहे? नुसत्या अंड्याचा बलक ६५ ते ७० अंशांच्या दरम्यान घट्ट होतो. दुधाने पातळ केलेल्या अंड्यातली प्रथिने एकमेकांपासून दूर असतात, म्हणून त्यांना जाळे विणायला जास्त उष्णता लागते आणि मिश्रण ८० अंशांच्या आसपास नीट धरते. त्याच्या फार पुढे गेले की जाळे आवळते, पाणी पिळून बाहेर येते आणि तळाशी पिवळट पाण्याचे तळे दिसते. अंड्याच्या पदार्थाचा मध्यभाग किमान ७१ अंशांपर्यंत तापावा, हा सुरक्षेचा नियम. चवीचा बिंदू त्याच्या थोडा पुढे, ७५ ते ८० च्या दरम्यान. थर्मामीटर नसेल तर भांडे हलवून पाहावे. मध्य किंचित थरथरला पण ओला हिंदकळला नाही आणि सुरी स्वच्छ बाहेर आली, की झाले.

ओव्हनमध्ये स्ट्राटा वाफेने टम्म फुगतो आणि बाहेर आल्यावर बसतो. बसला म्हणून वाईट वाटून घेऊ नये. दहा मिनिटे तसाच ठेवावा. तेवढ्यात आतली उष्णता मध्यभाग पूर्ण करते आणि तुकडे सुबक कापता येतात.

दुसरे उमेदवार

सणाच्या सकाळी ओव्हनमधून निघणाऱ्या प्रत्येक पदार्थाला रात्र मानवत नाही. दालचिनीचे रोल तिला उत्तम मानवतात. यीस्ट थंडीत मरत नाही, मंदावते. मळलेली कणीक लाटून, लोणी, साखर आणि दालचिनी पसरून, गुंडाळून, कापून रोल ट्रेमध्ये मांडायचे आणि झाकून फ्रिजमध्ये ठेवायचे. रात्रभरात ते हळूहळू फुगतात आणि संथ आंबण्यामुळे चवही खुलते. सकाळी तासभर उबेला ठेवून भाजायचे.

मफिनचे तसे नाही. खाण्याचा सोडा ताकाला भेटताच वायू सोडू लागतो; मिश्रण रात्रभर ठेवले तर सकाळपर्यंत बुडबुडे उडून गेलेले असतात. बेकिंग पावडरमधले काही आम्ल उष्णता लागल्यावर काम करते, त्यामुळे ती थोडी सवलत देते, पण भरवसा नाही. इथे सुके पदार्थ एका भांड्यात, ओले दुसऱ्या भांड्यात तयार ठेवून सकाळी दोन मिनिटांत एकत्र करणे हाच शहाणपणा. बटाट्याच्या बाबतीतही सावध राहावे. कच्चा किसलेला बटाटा हवा लागताच काळपट पडू लागतो, कारण त्यातले एन्झाइम जागे असते. बटाटा आधी उकडला की ते निष्क्रिय होते आणि तो थरात बिनधास्त घालता येतो.

आपल्या ओट्यावर

अमेरिकेत राहणाऱ्या मराठी घरांना हे भांडे आणि हा ओव्हन नवा नाही. भारतातल्या ओटीजीत मात्र नऊ बाय तेराचे भांडे सहसा मावत नाही. वीस सेंटिमीटरचे चौकोनी भांडे आणि वरच्या प्रमाणाचे निम्मे, म्हणजे चार अंडी आणि ३५० मिलिलिटर दूध, चार जणांना पुरते. भाजायला चाळीस-पंचेचाळीस मिनिटे. आपला बाजारचा ब्रेड मऊ आणि किंचित गोड असतो, तेव्हा तो नीट सुकवून घ्यावा. लादीपावाचे तुकडेही चालतात; गोव्याच्या पोदेराचा, म्हणजे पाववाल्याचा, कडक कवचाचा पाव तर फारच छान, कारण भिजल्यावरही तो अंग धरून राहतो. आपल्याकडचे प्रोसेस्ड चीज वितळताना तेल सोडत नाही, कारण त्यात चरबी आणि पाणी एकत्र धरून ठेवणारे क्षार असतात. पण ते खारट असते, म्हणून मिठाचा हात आखडावा. हिरवी मिरची, कोथिंबीर, कांद्याची पात, शिजलेला खिमा यांना इथे पूर्ण मुभा आहे.

अंडी न खाणाऱ्या घरासाठी गोड प्रकार करता येतो आणि त्याला मदत करणारी वस्तू बहुतेक घरांच्या फडताळात असतेच. कस्टर्ड पावडर १८३७ मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांनी शोधली ती त्यांच्या पत्नीला अंडी सोसत नसल्यामुळे. तिच्यात दूध घट्ट करण्याचे काम मक्याचा स्टार्च करतो. मात्र पावडर गार दुधात कालवून ब्रेडवर ओतली आणि रात्रभर ठेवली तर न शिजलेला स्टार्च तळाशी जाऊन बसतो. म्हणून नेहमीपेक्षा निम्मी पावडर घालून पातळसर कस्टर्ड आधी शिजवायचे, निववायचे, मग सुकवलेल्या ब्रेडवर, बेदाण्यांवर आणि सफरचंदाच्या फोडींवर ओतायचे. सकाळी वर थोडी साखर भुरभुरून अर्धा तास भाजले की झाले.

कष्ट यातही आहेतच. ब्रेड सुकवणे, भाजी परतणे, चीज किसणे हे कोणाला तरी करावेच लागते. फरक असा की ही कामे आदल्या संध्याकाळी सरकतात, जेव्हा घरात रिकामे हात जास्त असतात. थर लावायला आठ वर्षांचे मूलही पुरते, आणि सकाळी ओव्हन लावण्याचे काम घरातला जो आधी उठेल तो करू शकतो. कागदावर वेळ आणि तापमान लिहून फ्रिजच्या दाराला चिकटवून ठेवले की सकाळी कोणाला उठवून विचारावेही लागत नाही.